पोटगीच्या आदेशाविरुद्ध हायकोर्टात जायला उशीर झाला असेल तर

म्हापशात एका वकिलांकडे मी टायपिंगचे आणि फायलींचे काम बघते. पेडणे-डिचोलीची माणसे येतात. सोयरीक झालेली असते कोल्हापूर-बेळगावकडे आणि पोटगीचा आदेशही तिथल्याच कौटुंबिक न्यायालयाचा. पहिला प्रश्न ठरलेला, "बाई, पर्वरीत टाकूया ना?" म्हणजे गोव्यातल्या हायकोर्टात. नाही. आदेश जिथला, तिथलेच हायकोर्ट. कोल्हापूरचा असेल तर १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालेले कोल्हापूरचे सर्किट बेंच, पुण्याचा असेल तर मुंबई, बेळगावचा असेल तर धारवाड.

आदेशावर कलम कोणते लिहिलेय ते बघा. जुन्या फौजदारी संहितेचे १२५ किंवा नव्या नागरिक सुरक्षा संहितेचे १४४ असेल, तर त्यावर अपील चालत नाही. पुनरीक्षण (रिव्हिजन) अर्ज करावा लागतो, मुदत ९० दिवस. पोटगी घटस्फोटाच्या निकालात असेल तर अपील. कौटुंबिक न्यायालय कायदा ३० दिवस म्हणतो, हिंदू विवाह कायदा ९०. हिंदू विवाहाच्या प्रकरणांत मुंबई हायकोर्टाच्या पूर्णपीठाने ९० धरलेत. तरी मी पक्षकारांना ३० च धरायला सांगते.

१४४ चा आदेश तुमच्या गैरहजेरीत, एकतर्फी झाला असेल तर हायकोर्टाआधी त्याच न्यायालयात तो रद्द करून मागता येतो. त्याला तीन महिने. आणि नोकरी सुटली म्हणून रक्कम झेपत नसेल, तर जुन्या आदेशाशी भांडण्यापेक्षा नव्या संहितेच्या कलम १४६ खाली रक्कम बदलून मागा. निम्मे लोक इथेच अडकलेले असतात.

आता उशीर मोजायचा. सही-शिक्क्याच्या नकलेच्या मागे शिक्का असतो: अर्ज कधी केला, नक्कल कधी तयार झाली, कधी नेली. अर्ज केल्यापासून नक्कल तयार होईपर्यंतचे दिवस मुदतीतून वजा होतात. तयार नक्कल तुम्ही चवथ आटोपून नेली, तर ते दिवस तुमच्याच अंगावर.

उरलेल्या उशिरासाठी मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज, सोबत प्रतिज्ञापत्र. खरी मेहनत इथे. "आजारी होतो" एवढ्यावर भागत नाही. बांबोळीच्या सरकारी इस्पितळाचे डिस्चार्ज कार्ड आठ दिवसांचे आणि उशीर सत्तर दिवसांचा असेल, तर बाकीच्या बासष्ट दिवसांचे काय, हे समोरचा वकील विचारणारच. बोटीवर काम करणाऱ्यांचे सोपे: सीडीसीवर, म्हणजे खलाशाच्या नोंदपुस्तकावर, चढल्या-उतरल्याच्या तारखा असतात, त्या पानांच्या प्रती जोडा. मुदत संपल्याच्या तारखेपासून सुरुवात करून अर्ज दाखल होईपर्यंत काय काय झाले ते तारीखवार लिहा. एकेका तासाचा हिशेब कोर्ट मागत नाही. सुप्रीम कोर्टाने १९८७ मध्येच काटीजी प्रकरणात तसे म्हटलेय. पण "कायदा माहीत नव्हता" आणि "वकिलाने सांगितले नाही" ही वाक्ये मी टाइप करायच्या आधी दोनदा विचारते. पुरावा असेल तरच घालते.

उशिरा येणारे सगळे नवरेच असतात असे नाही. रक्कम फार कमी मिळाली म्हणून वाढवून मागायला आलेल्या बाया असतात, आणि कारण बहुतेक पैशांचे. उत्पन्न कितीही असो, बाईला विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. तिथे केलेल्या अर्जाची पोच जपून ठेवा, उशिराचे कारण सांगायला ती चांगली उपयोगी पडते.

अर्ज दाखल झाला म्हणजे पोटगी थांबली, असे धरून बसू नका. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती देताना कोर्ट बहुधा थकबाकीतली काही रक्कम भरायला लावते. तोवर खालच्या कोर्टात वसुलीचे वॉरंट निघू शकते आणि थकलेल्या एकेका महिन्यासाठी महिनाभरापर्यंत कैद होऊ शकते. म्हणून दरमहा जमेल तेवढे बँकेतून पाठवत राहा, हातात रोख देऊ नका, आणि पासबुकाची ती पाने विलंब माफीच्या अर्जालाच जोडा.