जप्त टिप्पर सोडवताना या चुका टाळा

मुरूम, खडी किंवा वाळू भरलेला टिप्पर परमिटाविना अडवला गेला की कर्नाटकातील निपाणी, चिक्कोडी, खानापूर भागातील वाहनमालक आधी महाराष्ट्रातील कागल-चंदगडकडच्या नातेवाइकांना फोन लावतो, आणि पहिली चूक तिथेच होते. महाराष्ट्रात अशी कारवाई जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ खाली महसूल खात्याकडून होते. कर्नाटकात मात्र केंद्राचा खाण व खनिज कायदा, १९५७ आणि राज्याचे गौण खनिज सवलत नियम, १९९४ लागू होतात आणि कारभार खाण व भूविज्ञान खात्याकडे असतो. सीमेपलीकडचा सल्ला कितीही प्रेमाचा असला, तरी तो इथे चालत नाही.

सर्वांत महागात पडणारी चूक म्हणजे 'दंड भरला, विषय संपला' असे धरून चालणे. केंद्रीय कायद्याच्या कलम २३अ नुसार अधिकृत अधिकाऱ्याकडे ठरलेली रक्कम भरून गुन्ह्याची तडजोड करता येते. खटला दाखल होण्यापूर्वीही आणि नंतरही. तडजोड झाल्यावर त्या कायद्याखालची कारवाई पुढे चालत नाही. पण पोलिसांनी चोरीचे कलमही लावले असेल, तर तो गुन्हा या तडजोडीने मिटत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये मध्य प्रदेशातील एका प्रकरणात स्पष्ट केले आहे. म्हणून पैसे भरण्याआधी प्रथम माहिती अहवालाची प्रत मिळवून त्यातली कलमे वकिलाकडून वाचून घ्यावीत. फक्त खाण कायद्याचे कलम असेल, तर न्यायालय अधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीवरच दखल घेते, हेही तपासण्यासारखे आहे.

माल मोजण्यात होणारी चूक लहान वाटते, पण रक्कम तीवरच ठरते. आपल्याकडे सगळे ब्रासमध्ये बोलतात, कागदावर टन लिहिलेले असतात. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट, आणि ओल्या वाळूचे व कोरड्या खडीचे वजन सारखे भरत नाही. पंचनाम्यात नुसत्या अंदाजाचा आकडा असेल, तर वजनकाट्याची पावती मागावी. कानडी मजकूर कळत नसताना चालकाने सही करून मोकळे होणे हा प्रकार तर सर्रास घडतो. कोणाकडून तरी वाचून घेऊनच सही करावी. परमिट खरोखर वैध असेल, तर घाईने तडजोडीचा अर्ज करू नये, कारण त्याचा अर्थ कबुली असा लावला जाऊ शकतो.

वाहन न्यायालयाच्या ताब्यात असेल, तर त्याच्या तात्पुरत्या सुटकेचा अर्ज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ किंवा ५०३ खाली करावा लागतो. १ जुलै २०२४ पूर्वी जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हीच कलमे ४५१ व ४५७ होती. जप्त वाहने ठाण्याच्या आवारात गंजत पडू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच सांगितले आहे, त्यामुळे वेळ दवडण्याचे कारण नाही. अर्ज मात्र आरसी बुकावर नाव असलेल्याने करावा. गाडी विकत घेतली, पण नाव बदलले नाही, अशी जुन्या टिप्परांची गत असते आणि अशा अर्जाला पहिल्याच तारखेला हरकत येते. फायनान्सचा बोजा असेल तर तोही अर्जात नमूद करावा.

रक्कम हातोहात रोख देऊ नये. चलनानेच भरावी आणि पावतीबरोबर तडजोडीचा लेखी आदेशही घ्यावा, कारण पावतीवरून गुन्हा मिटला हे सिद्ध होत नाही. गाडी ताब्यात घेताना टायर, बॅटरी आणि डिझेलची नोंद फोटोसह करून घ्यावी. न्यायालयाने बंधपत्रावर वाहन सोडले असेल, तर परवानगीशिवाय ते विकू नये, त्याचा रंगही बदलू नये.