पालुसामी: अळूची पानं आणि नारळाच्या दाट दुधाचा सामोअन पदार्थ

पॅसिफिक महासागरातल्या सामोआ या बेटांच्या देशात रविवारी चर्चवरून आल्यावर घरातले सगळे जेवायला बसतात, त्या जेवणाला तोओनाई म्हणतात आणि त्यात पालुसामी जवळपास ठरलेली असते. सामान बघाल तर हसायला येईल. अळूची पानं, नारळाचं दाट दूध, कांदा, मीठ, संपलं. मसाला नाही, फोडणी नाही आणि आपल्याला सगळ्यात जड जाणारी गोष्ट म्हणजे चिंच-कोकमसुद्धा नाही.

मग खाजेचं काय, हा प्रश्न आपल्याला पडणारच. अळूत कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे बारीक स्फटिक असतात, तेच घशाला टोचतात. आपण आंबट घालतो, सामोअन लोक कोवळी पानं घेऊन ती चांगला वेळ देऊन शिजवतात, म्हणून इथे घाई अजिबात चालत नाही.

पानांत दूध बांधून चार पुड्या करायच्या, त्यासाठी तळहाताएवढी किंवा थोडी मोठी अशी वीस-चोवीस पानं घ्या, वडीचं अळू मिळालं तर उत्तम, आणि खाजरं म्हणून माहीत असलेलं अळू घेऊच नका. काळे-तपकिरी डाग असलेली पानंही नकोत. सामोआत १९९३ मध्ये पानांवरचा करपा आला आणि अळूचं पीक पार झोपलं, पुढे रोगाला टिकणाऱ्या जाती लावल्या तेव्हा कुठे गाडी रुळावर आली. पानं धुवा, देठ कापा, मागची जाड शीर सुरीने तासून टाका. हाताला खाज येत असेल तर तेल चोळून घ्या.

आता दूध. यावरच सगळी मदार आहे. तीन मोठे नारळ खवून अगदी थोडं कोमट पाणी शिंपडा, फडक्यातून पिळा आणि फक्त पहिलं दूध घ्या, साधारण ४०० मिली. दुसरं-तिसरं दूध आमटीला वापरा, इथे पातळ दूध घातलं तर पुडीत नुसतं हिरवं पाणी होतं. डब्यातलं कोकोनट क्रीम चालेल, कोकोनट मिल्क नको. त्यात एक मोठा कांदा बारीक चिरून घाला आणि चमचाभर मीठ. चाखून बघा, नुसतं प्यायला किंचित खारट लागलं पाहिजे, कारण हे पुढे उकडलेल्या फिक्या कंदाबरोबर खायचंय.

पुडी बांधताना पाच-सहा पानं एकावर एक ठेवायची, मोठं पान खाली, बारकी वर, मग ती ओंजळीत घेऊन वाटीसारखा खोलगट आकार द्यायचा, त्यात पाव भाग दूध ओतायचं आणि कडा वर घेऊन गाठोडं करायचं. सांडतं, पहिल्यांदा कुणाचंही सांडतं, म्हणून पानं वाटीत बसवून मग ओतलं तर सोपं जातं. वरून विस्तवावर फिरवून मऊ केलेलं केळीचं पान आणि त्यावर फॉइल घट्ट गुंडाळा.

तिकडे हे उमूत भाजतात. उमू म्हणजे जमिनीवरच पेटवलेल्या लाकडांत दगड लालबुंद तापवायचे, त्यावर पुड्या, कंद, कच्ची केळी रचायची आणि वरून पानांचे थरच्या थर घालून वाफ कोंडायची, आणि हे काम बहुतेक घरातल्या तरुण पोरांकडे असतं. आपल्याला ओव्हन १८० डिग्रीवर तासभर, किंवा मोदकपात्रात सव्वा तास, मध्ये पाणी बघत. उमूचा धुरकट वास येणार नाही, बाकी जमतं.

एक पुडी उघडून बघा. पान काळपट हिरवं होऊन पार गळलेलं हवं आणि दूध घट्टसर. कण खाऊन पाहा, घसा जरासुद्धा खवखवला तर परत गुंडाळून वीस मिनिटं ठेवा. लसूण-मिरची टाकायचा मोह होईल, निदान पहिल्यांदा आवरा.

खायचं उकडलेल्या अळकुड्यांबरोबर किंवा भाजलेल्या नीरफणसाबरोबर, कोकणातल्या मंडळींना दोन्ही परसात मिळेल. भाताबरोबरही चालतं. काही जण आत डब्यातलं कॉर्न्ड बीफ, म्हणजे खारवलेलं गोमांस घालतात, फिजीत तर ते फार चालतं, पण साधी पालुसामी आधी करून बघा. उरली तर फ्रीजमध्ये ठेवा, दुसऱ्या दिवशी पुडी न सोडता वाफेवर गरम करा.