संकलक ट्रेसी ग्रेंजर यांचा जीवनपरिचय कसा लिहावा

चित्रपटताऱ्यांच्या पोटी जन्मलेल्या आणि पुढे संकलनाच्या टेबलाशी बसलेल्या व्यक्तीचा परिचय लिहायला घेतला की निम्मी पाने आई-वडीलच खाऊन टाकतात. ट्रेसी ग्रेंजर यांच्या बाबतीत हा धोका दुप्पट आहे, कारण आई जीन सिमन्स आणि वडील स्टुअर्ट ग्रेंजर, दोघेही आपापल्या काळातले मोठे तारे होते.

सर्वप्रथम शब्द पक्का करावा. इंग्रजी मजकुरात ‘एडिटर’ एवढेच लिहिलेले असते. मराठीत मात्र मासिक चालवणारा तो संपादक आणि चित्रपटाचे तुकडे जोडणारा तो संकलक. मी एकदा घाईने अशाच एका व्यक्तीला ‘संपादिका’ म्हटले होते आणि त्यांचे नियतकालिक कोणते, अशी विचारणा एका वाचकाने केली होती.

त्यानंतर नावांची छाननी करावी. स्टुअर्ट ग्रेंजर यांचे मूळ नाव जेम्स स्टुअर्ट. त्या नावाचा अभिनेता हॉलिवूडमध्ये आधीच प्रसिद्ध असल्याने त्यांनी वेगळे नाव घेतले. म्हणजे मुलीकडे आलेले आडनाव हे मुळात पडद्यासाठी घेतलेले आहे, आणि फार्ली ग्रेंजर या अभिनेत्याशी त्याचा काहीही संबंध नाही. ‘ट्रेसी’ हे नाव अभिनेते स्पेन्सर ट्रेसी यांच्यावरून आले. 1953 च्या ‘द अ‍ॅक्ट्रेस’मध्ये ते सिमन्स यांचे वडील झाले होते. आईच्या दुसऱ्या विवाहातून झालेली धाकटी बहीण केट हिचे नाव अभिनेत्री कॅथरिन हेपबर्न यांच्यावरून ठेवलेले. हा तपशील गोड आहे, म्हणूनच तो एका वाक्यात आटोपावा.

कौटुंबिक भागासाठी मोजक्या नोंदी पुरतात: 1950 मध्ये आई-वडिलांचा विवाह, 1956 मध्ये ट्रेसी यांचा जन्म, 1960 मध्ये घटस्फोट आणि त्याच वर्षी सिमन्स यांचा दिग्दर्शक रिचर्ड ब्रूक्स यांच्याशी विवाह. येथे लेखणी आवरावी लागते. सावत्र वडील दिग्दर्शक होते म्हणून मुलगी संकलनाकडे वळली, हे वाक्य आपसूक सुचते. पण त्यांनी स्वतः तसे सांगितल्याचा पुरावा हाती नसेल तर ती आपली कल्पना ठरते.

खरा वेळ कामाला द्यावा. किंबर्ली पीअर्स दिग्दर्शित ‘बॉइज डोंट क्राय’ (1999) या चित्रपटाचे संकलन ली पर्सी आणि ट्रेसी ग्रेंजर यांनी केले. तो एकदा सलग पाहावा, दुसऱ्यांदा आवाज बंद करून पाहावा आणि तिसऱ्यांदा वही घेऊन बसावे. वहीत तीन रकाने आखावे: मिनिट-सेकंद, कट कशावरून कशावर आहे, आणि आवाज चित्राच्या आधी बदलला की नंतर. संवादाच्या प्रसंगात विशेष लक्ष द्यावे, कारण बोलणाऱ्याचे वाक्य अर्ध्यावर असताना कॅमेरा ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर नेला, तर प्रसंग ऐकणाऱ्याचा होऊन जातो. सेकंदाला 24 चौकटी (फ्रेम) या हिशेबाने अर्धा सेकंद म्हणजे 12 चौकटी. तेवढ्याने एखादी नजर संशयी वाटू शकते किंवा नुसती थकलेली. अशा दोन-तीन नोंदी परिचयात जशाच्या तशा उतरवाव्या.

श्रेय दोघांचे आहे, त्यामुळे अमुक कट ग्रेंजर यांचाच असे लिहू नये. ‘दोन्ही संकलकांनी’ असा उल्लेख करावा. या चित्रपटासाठी हिलरी स्वँक यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे ऑस्कर मिळाले, हे मात्र जरूर सांगावे, आणि त्याला जोडून हेही सांगावे की आपल्यापर्यंत पोचलेली अभिनेत्रीची प्रत्येक मुद्रा अनेक टेकमधून कोणीतरी निवडलेली असते. दोन अभिनेत्यांची मुलगी या निवडीच्या बाजूला बसली, ही गोष्ट परिचयाच्या मध्यभागी यावी. त्या गोष्टीवर भाष्य नसले तरी चालेल.

छायाचित्राचा प्रश्न शेवटी उरतो. आईच्या कडेवरचे बालपणीचे चित्र सहज सापडेल आणि देखणेही असेल, तरी ते मुखपृष्ठावर घेऊ नये. कामावर असतानाचे चित्र मिळाले नाही, तर श्रेयनामावलीत त्यांचे नाव झळकते ती चौकट घ्यावी आणि तिच्याखाली चित्रपटाचे नाव, वर्ष व दोन्ही संकलकांची नावे लिहावी.