कथेसाठी सूर्यपंथ कसा रचावा: आधी ताईत, मग तत्त्वज्ञान

काल्पनिक पंथ रचायला बसलेला नवखा लेखक हमखास विश्वाच्या उत्पत्तीपासून सुरुवात करतो. आधी अंधार होता, मग तेज प्रकटलं, तेजाचे सात अंश झाले. अशी वीस पानं भरतात, पण त्या पंथातला एकही माणूस अजून सकाळी उठून चूल पेटवत नाही. ‘आधी तत्त्वज्ञान पक्कं करा, बाकीचं आपोआप येतं’ असं सांगणाऱ्यांनी एखादा पंथ कादंबरीच्या शेवटापर्यंत निभावून नेला असेल, यावर माझा विश्वास नाही. बाकीचं आपोआप येत नाही. सूर्यप्रकाश आणि ताईत यांवर उभा असलेला पंथ हवा असेल, तर क्रम उलटा धरा. कादंबरी असो वा मित्रांबरोबर टेबलावर खेळायचा भूमिकांचा खेळ, पद्धत हीच.

पायरी १: ऊन कुठे दुर्मीळ आहे ते बघा. सूर्यपूजक वाळवंटात बसवायचा मोह टाळा. जिथे ऊन नको नको होतं तिथे त्याची आस कोण धरणार? मी उदाहरणाला आंबोलीचा घाट घेतो. वर्षाला सुमारे ७००० मिलिमीटर पाऊस, आणि जून ते सप्टेंबर भिंतींनाही ओल.

पायरी २: दोन सण ठरवा. हे आकाशच ठरवून देतं. आपल्याकडे वर्षातून दोनदा सूर्य भरदुपारी बरोबर डोक्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली नाहीशी होते. आंबोलीच्या अक्षांशावर पहिला दिवस मेच्या पहिल्या आठवड्यात येतो, दुसरा ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्याच्या सुमाराला. पहिला सगळ्यांना दिसतो. दुसरा धुवाधार पावसात, ढगांच्या वर घडून जातो. एक दिसणारा सण, एक न दिसणारा. यापुढे सणांवर वेळ घालवू नका.

पायरी ३: ताईत घडवा. खरी मेहनत इथे आहे आणि मलाही सगळ्यात जास्त वेळ इथेच लागतो.

दहांतले नऊ जण काय करतात? ताईत सकाळी उन्हात ठेवला की भरतो, रात्री वापरला की रिकामा होतो. हा ताईत नव्हे, पॉवर बँक झाली. त्यातून गोष्ट निघत नाही, कारण त्यावर कुणाचं भांडण होऊ शकत नाही. भरलाय की नाही, एवढाच प्रश्न उरतो. म्हणून ताईत काय करतो हे तूर्त बाजूला ठेवा. तो कशाचा आहे, कोण घडवतं आणि कसा बिघडतो, एवढंच आधी बघा.

माझा ताईत तांब्याचा. रुपयाएवढी चकती पत्र्यातून कापायची, मंद लाल होईतो तापवायची आणि पाण्यात टाकायची. पोलाद असं विझवलं की कडक होतं, तांबं मऊच राहतं. मग ऐरणीवर ठेवून गुळगुळीत तोंडाच्या हातोडीने मठारायची. प्रत्येक ठोक्याचा एक बारीक चपटा डाग उठतो आणि प्रत्येक डाग ऊन वेगळ्या दिशेला फेकतो. चकती बोटांत फिरवली की अंगणाच्या भिंतीवर कवडसे पळायला लागतात. पुण्याच्या तांबट आळीत मठारकाम बघायला मिळालं तर तासभर उभे राहा. सूर्यावरचे चार ग्रंथ वाचून जे हाती लागणार नाही ते तिथे कानांनी कळतं.

आता नियम घाला: ठोके उजेडातच पडले पाहिजेत. लगेच अडचण उभी राहते, कारण तांबं ठोकलं की कडक होतं. पुन्हा तापवलं नाही तर कडेला चिरतं. म्हणजे सूर्याचा ताईत आगीशिवाय पुरा होत नाही. मग आग ही सूर्याची लेक की सूर्याकडची चोरी? हा प्रश्न मी शोधला नाही, तांब्यानेच समोर ठेवला. असले प्रश्न धातूकडून, मातीकडून, काचेकडून घ्या. स्वतः बनवलेल्या प्रश्नाची उत्तरंही आपणच पेरलेली असतात, आणि वाचकाला ती लांबून दिसतात.

पुढे पावसाळा. ओल्या हवेत तांबं काळवंडतं, खाचांत हिरवट थर धरतं. दिवाळीला ते चिंच-मिठाने घासायचं का? एक गट म्हणतो, अर्थात घासायचं, सूर्य झाकून ठेवणं पाप. दुसरा म्हणतो, तो काळेपणा म्हणजे ताईताने चार महिने सोसलेला अंधार, तो पुसणारे तुम्ही कोण? लोक पहिल्यांना घाशे म्हणतात, दुसऱ्यांना काळटिके. शिवाय घासलं की धातू कणाकणाने जातो. घाशांच्या घरी पणजीचा ताईत गुळगुळीत झालेला, त्यावर एकही ठोका उरलेला नाही. काळटिक्यांच्या घरी ठोके शाबूत आहेत, पण चमक नाही. दोघांनी काहीतरी गमावलंय आणि दोघांनाही फक्त समोरच्याचं नुकसान दिसतं.

एक ताकीद. ‘प्रकाश निराकार असताना त्याला वस्तू कशाला?’ असं म्हणणारा एक सुधारक तुमच्या कथेत शिरू बघेलच. शिरू द्या, पण त्याला जिंकवू नका. इतिहासातही तो सहज जिंकलेला नाही. इजिप्तमध्ये इ.स.पू. १३५३च्या सुमाराला गादीवर आलेल्या अखेनातेनने आतेन या सूर्यबिंबाची उपासना सगळ्यांच्या वर नेली आणि त्यासाठी अमार्ना इथे नवी राजधानी वसवली. शिल्पांत आतेनला चेहरा नाही. नुसतं बिंब आणि टोकाला हात असलेले किरण. पण त्याच शहरातल्या घरांत बेस आणि तावरेत या जुन्या घरगुती देवतांचे ताईत सापडले, आणि फायान्सचे, म्हणजे गारेची भुकटी भाजून केलेल्या चकचकीत पदार्थाचे, असले दागिने पाडायचे मातीचे साचेही. राजा उजेडाकडे बघत होता, बाळंतिणीच्या गळ्यात बेस होता.

दुसरी ताकीद: ताईताला गुण येतो की नाही, हे कादंबरीत निवेदकाच्या तोंडून कधीच वदवू नका. खेळात मात्र नियम द्यावाच लागतो, नाहीतर खेळाडू डोकं खातात. तिथे गुण लहान ठेवा आणि प्रत्येक वापराला तांब्याची झीज लावा.

पायरी ४: आता तत्त्वज्ञान. तीन वाक्यं पुरतात, पण तीन वेगळ्या तोंडांत घाला. तांबट म्हणेल, ‘ऊन पकडता येत नाही, फक्त वळवता येतं.’ म्हातारी म्हणेल, ‘ढगावर तो असतोच, आपण खाली असतो.’ सावकार म्हणेल, ‘काळा ताईत गहाण घेणार नाही.’ तिसरं वाक्य तत्त्वज्ञानात मोडत नाही असं वाटेल. मोडतं, त्याने पंथ बाजारात येतो.

पायरी ५: नावं. ‘आदित्यतेजोमंडल’ वगैरे नको. गावात ताईताला ‘टिकली’ म्हणतील. खऱ्या उपासनांची नावं आणि मंत्र उचलू नका.

पायरी ६: उजेडाच्या वाटेत काहीतरी उभं करा. कोल्हापूरच्या अंबाबाईचा किरणोत्सव बघा. नोव्हेंबरात आणि जानेवारीअखेरीस मावळतीचे किरण महाद्वारातून आत येतात आणि पाठोपाठच्या संध्याकाळी देवीच्या चरणांपासून मुखापर्यंत चढतात. वाटेतली बांधकामं, हवेतली धूळ आणि बाष्प यांमुळे काही वर्षी ते मुखापर्यंत पोहोचत नाहीत. मग किती इंचांवर थांबले, कशामुळे थांबले, याचीच चर्चा. तुमच्या गावात एखाद्याला दुमजली घर बांधू द्या.

शेवटी सोयरीक लावा. काळटिक्यांची मुलगी घाशांच्या घरात सून म्हणून आणा. पहिली दिवाळी, पहाटेची अंघोळ झालेली, सासू चिंचेचा कोळ घेऊन हात पुढे करते आणि म्हणते, ‘आण गं तुझी टिकली.’ पहिलं प्रकरण इथून लिहायला घ्या. उत्पत्तीची ती वीस पानं तोवर लागलेलीच नसतील.