पाण्यातून वर आलेल्या गावाचे फोटो काढताना या चुका टाळा

उन्हाळ्यात उजनीचं पाणी उतरलं की इंदापूर तालुक्यातल्या जुन्या पळसदेवला पळसनाथाचं देऊळ उघडं पडतं. भीमेवरचं हे धरण १९८० मध्ये पूर्ण झालं आणि त्याच्या फुगवट्यात गावंच्या गावं गेली. तिथले फोटो सुरेख येतात, पण बहुतेकांत देऊळ दिसतं, गाव दिसत नाही.

पहिली चूक तारीख धरून निघण्याची. उजनीच्या सुमारे ११७ टीएमसी साठ्यात ६३ टीएमसीहून जास्त मृतसाठाच आहे. पाणी त्या मृतसाठ्याच्याही खाली उतरलं की टक्केवारी उणे मोजतात. पेपरात ‘उजनी उणे’ची बातमी किती टक्क्यांवर आली ते बघून निघा, भरपूर पावसाच्या वर्षानंतर नुसतं शिखर बघून परतावं लागू शकतं. आणि वरून भेगाळलेला गाळ खाली मऊ असतो. मासेमारी करणाऱ्यांना विचारल्याशिवाय त्यात पाय घालू नका.

वीरगळ, म्हणजे लढाईत पडलेल्या वीराच्या स्मरणाचा कोरीव दगड, नीट दिसत नाही म्हणून त्यावर खडू घासणं, तेल-पाणी ओतणं, ही चूक मला सगळ्यांत जास्त खुपते. झिजलेल्या दगडाची आणखी झीज आपण करायची नाही. अडचण उजेडाच्या कोनाची असते. भर दुपारी कोरीव काम सपाट दिसतं. सकाळी किंवा सांजच्याला तिरपं ऊन घासून गेलं की तेच उठून येतं. ऊन नसेल तर दगडावर सावली धरा आणि बॅटरी अगदी बाजूने, दगडाला जवळजवळ समांतर मारा. खालच्या चौकटीतली लढाई, मधल्या चौकटीत वीराला नेणाऱ्या अप्सरा, वर शिवलिंगाची पूजा आणि माथ्याशी चंद्र-सूर्य, सगळं वाचता येतं. दगड उभा करायला, हलवायला जाऊ नका. तो पडला आहे तसाच टिपा, आजूबाजूच्या जागेसकट.

माणसं चौकटीबाहेर जाण्याची वाट बघत बसणं हीसुद्धा चूकच. गोव्यात साळावली धरणात गेलेलं कुर्डी, गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं गाव, मे महिन्यात वर येतं, तेव्हा पांगलेले गावकरी सोमेश्वराच्या उत्सवाला परत येतात. निर्मनुष्य भग्नावशेषांच्या हौसेपायी तो दिवस टाळला, तर गावच टाळलं.

सगळ्यांत मोठी चूक मी स्वतः केली. उजनीच्या पात्रात दोन दिवस फिरून काढलेल्या फोटोंखाली सरसकट ‘अवशेष’ लिहिलं. पुढच्या वर्षी प्रिंट घेऊन नव्या गावठाणात गेलो. एका आजींनी एका फोटोवर बोट ठेवलं: “ह्यो नुसता दगुड न्हवं, आमचा उंबरा हाय.” मग गल्ली कुठून जायची, पार कुठे होता, पांढरीची, म्हणजे वस्तीची, हद्द कुठे संपून काळी, म्हणजे शेतजमीन, लागायची, हे सगळं त्या एका प्रिंटवर त्यांनी दाखवलं. म्हणून फोटो मोबाईलवर दाखवू नका, मोठे प्रिंट न्या. थरथरत्या बोटाला जागा लागते. सांगितलेली नावं त्याच वेळी, त्याच बोलीत प्रिंटच्या मागे लिहा. कुठे उभं राहून, कोणत्या लेन्सने काढला तेही टिपून ठेवा, म्हणजे पुढच्या उन्हाळ्यात त्याच जागी उभं राहता येईल.

उठताना आजींनी घराच्या दाराची चौकट दाखवली. पाणी चढायच्या आधी जुन्या घराची काढून बैलगाडीतून आणलेली. उंबरा मात्र तिकडेच राहिला होता. आता ते दोन फोटो मी शेजारी शेजारी लावतो.