भजनाचं रेकॉर्डिंग एमपी३ करताना डीएलएल अडलं, तर

गणपतीत कुडाळ-मालवणकडे भजनाच्या बाऱ्या रात्रभर रंगतात आणि मोबाइलवर रेकॉर्डही होतात. बऱ्याच फोनवर ती फाइल एम४ए असते. मंडळाच्या स्पीकरला लागतो पेनड्राइव्हवरचा एमपी३. ही फाइल ऑडॅसिटी या आवाज-संपादनाच्या प्रोग्राममध्ये उघडायला गेलं की विंडोज कॉम्प्युटरवर एफएफएमपेग लायब्ररी (एम४एसारख्या फाइली वाचणारा जोडसंच) मागितली जाते.

इथे लोक हमखास गुगलवर एखादं सुटं डीएलएल (विंडोजची लायब्ररी फाइल) शोधतात. ते करू नका. अशा साइटवरून फाइलबरोबर व्हायरसही येऊ शकतो, आणि एकट्या फाइलने काम होतच नाही. एफएफएमपेगच्या ‘एव्हीफॉरमॅट’ या डीएलएलला शेजारी ‘एव्हीकोडेक’ आणि ‘एव्हीयुटिल’ लागतात, तेही एकाच आवृत्तीचे. म्हणून ऑडॅसिटीच्या मदतपानावर दिलेला पूर्ण संच घ्या. ऑडॅसिटी ६४ बिटची असेल तर संचही ६४ बिटचाच हवा. बहुतेकांचं घोडं इथेच अडतं. मग प्रेफरन्सेसमधल्या लायब्ररीज विभागात एव्हीफॉरमॅटची जागा दाखवा आणि प्रोग्राम बंद करून पुन्हा उघडा.

एमपी३ बनवणारी ‘लेम’ लायब्ररी मात्र वेगळी घ्यायला नको. २०१७ मध्ये एमपी३ची पेटंट संपली आणि २.३.२ आवृत्तीपासून ती ऑडॅसिटीतच येते. जुन्या लेखांतलं ‘लेम उतरवून घ्या’ सोडून द्या.

एक्स्पोर्ट करताना बिटरेट १९२ केबीपीएस (सेकंदाला १९२ किलोबिट) ठेवा. कमी केलंत तर मृदंग निभावतो, पण झांज चरचरते. मूळ एम४ए पुसू नका. पुढे काटछाट करायची झाली तर त्यावरूनच करा.