मज्जारज्जूच्या इजेचं फॉलो-अप कोडिंग: ए, डी की एस?

नाशकात बसून आपल्यातले बरेच जण अमेरिकेचे चार्ट कोड करतात, म्हणजे डॉक्टरच्या नोंदी वाचून आजाराला आयसीडी-१०-सीएम यादीतला कोड लावतात, आणि स्पायनल कॉर्डचा चार्ट आला की नवीन पोरं अडतात ती कोडच्या सातव्या अक्षरावर, ए, डी की एस. आधी लेव्हल बघा, म्हणजे मज्जारज्जूला इजा कुठे झालीये ते, मान म्हणजे एस१४, छाती एस२४, कंबर एस३४, जास्त लेव्हल असतील तर सगळ्यात वरची घ्या. ए म्हणजे पहिली व्हिजिट नाही हो, ॲक्टिव्ह ट्रीटमेंट चालू असेल तर ए, जखम भरण्याच्या काळातला रूटीन फॉलो-अप असेल तर डी, आणि इथे आफ्टरकेअरचा (उपचारानंतरच्या देखभालीचा) झेड कोड लावायचा नाही, ही चूक मी स्वतः केलीये.

समजा टी८ची (छातीतल्या आठव्या लेव्हलची) कम्प्लीट इजा आहे, डी लागला तर एस२४.११३डी. पण इजा जुनी आहे आणि पेशंट आता तिच्या मागे राहिलेल्या परिणामासाठी, म्हणजे पॅराप्लेजियासाठी (दोन्ही पाय लुळे पडणं) आलाय, तर एस लागतो: आधी जी८२.२१ आणि मग एस२४.११३एस, हा क्रम उलटा करू नका. नोटमध्ये न्यूरोजेनिक ब्लॅडर (नसांच्या बिघाडामुळे मूत्राशयावर ताबा नसणं) लिहिलं असेल तर एन३१.९ घ्या, नुसतं कॅथेटर दिसलं म्हणून नाही, आधी डॉक्टरला क्वेरी (लेखी विचारणा) टाका. बेडसोरची स्टेज मात्र नर्सच्या नोटमधून चालते, निदान डॉक्टरचंच पाहिजे. घाई करू नका, त्या कोडमागे व्हीलचेअरवरचा माणूस आहे.